कालप्रवासाचे विद्यापीठ आणि गतकाळाची बोली

कालप्रवासाचे शास्त्र शिकविणारे विद्यापीठ पृथ्वीच्या पाठीवर कोठेही नाही. वाङ्मयात मात्र असे एक विद्यापीठ गेल्या सुमारे दीडशे वर्षांत क्रमाक्रमाने उभे राहिले असून त्याचे आचार्य, त्याचे विद्यार्थी, त्याचा अभ्यासक्रम आणि त्याच्या परीक्षासुद्धा यांची बरीचशी हकीकत जुळविता येण्याजोगी आहे. ही हकीकत सामान्यतः यंत्राची म्हणून सांगितली जाते. कोणी घड्याळ कल्पिले, कोणी खोगिरावर बसून चालवावयाचे यंत्र, कोणी प्रवाशाला पलीकडे सोडणारे जाळे, असा तिचा क्रम लावण्यात येतो. वस्तुतः यंत्राचा प्रश्न कथाकारांनी फार लवकर निकालात काढला. दोनचार परिच्छेदांत भूमितीची चर्चा करून ते पुढे गेले. जो प्रश्न त्यांना वरचेवर अडवीत राहिला तो निराळाच आहे. गतकाळात जाऊन पोचलेल्या मनुष्याने तेथील लोकांशी बोलावे कोणत्या भाषेत, आणि त्यांचे बोलणे त्याला समजावे कसे? कालप्रवाशाला आधी काही शिकवून पाठविले पाहिजे, ही जाणीव कथाकारांना झाली ती मुख्यतः या प्रश्नामुळे; आणि शिकवावयाचे म्हटले की शाळा आलीच.

योगायोग असा की, या कल्पनेचा आरंभ एका खऱ्या विद्यापीठात होतो. १८८१ साली न्यूयॉर्कच्या ‘सन’ या वृत्तपत्रात एडवर्ड पेज मिचेल या पत्रकाराची ‘द क्लॉक दॅट वेंट बॅकवर्ड’ ही कथा निनावी प्रसिद्ध झाली. उलट्या दिशेने चालणारे एक जुने घड्याळ, हॉलंडमधील लायडन विद्यापीठात शिकणारे दोन तरुण आणि व्हॅन स्टॉप नावाचा तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक, ही तिची सामग्री. घड्याळाच्या योगाने हे तरुण १५७४ सालच्या, स्पॅनिश सैन्याने वेढलेल्या लायडन शहरात जाऊन पडतात. भूतकाळ जर भविष्यकाळाला घडवितो, तर भविष्यकाळानेही भूतकाळाला घडविले नसेल कशावरून, हा त्या प्राध्यापकाच्या चिंतनाचा विषय. वेढा उठला तो ऑक्टोबर १५७४ मध्ये. आणि लायडनचे विद्यापीठ स्थापन झाले ते त्यानंतर चारच महिन्यांनी, फेब्रुवारी १५७५ मध्ये. शहराने दाखविलेल्या धैर्याचे पारितोषिक म्हणून ते मिळाले, अशी परंपरागत समजूत आहे. म्हणजे ज्या विद्यापीठात हे विद्यार्थी कार्यकारणभावाचे धडे घेतात, त्याच्या जन्माला कारण झालेल्या झुंजीतच ते जाऊन सामील होतात. कथा लहान आहे, काहीशी विस्कळीतही आहे. पण ही योजना कोणालाही सहज सुचण्यासारखी नव्हे. मिचेलचे नाव पुढे पार विस्मृतीत गेले. १९७३ साली सॅम मॉस्कोविट्झ यांनी त्याच्या कथा एकत्र करून प्रसिद्ध केल्या, तेव्हा कोठे अभ्यासकांना त्याचा पत्ता लागला.

दुसरे स्थान लंडनमधील साउथ केन्सिंग्टनच्या नॉर्मल स्कूल ऑफ सायन्सचे. एच. जी. वेल्स हा तेथे १८८४ ते १८८७ या काळात विद्यार्थी होता आणि पहिल्या वर्षी टी. एच. हक्सले यांच्या हाताखाली जीवशास्त्र शिकला. त्या संस्थेच्या वादसभेत १८८७ साली हॅमिल्टन-गॉर्डन नावाच्या एका विद्यार्थ्याने चतुर्थ परिमाणावर निबंध वाचला. वेल्सने ज्याच्या स्थापनेत पुढाकार घेतला होता त्या ‘सायन्स स्कूल्स जर्नल’ या विद्यार्थ्यांच्या नियतकालिकात १८८८ च्या एप्रिल ते जून या तीन अंकांत त्याची ‘द क्रॉनिक आर्गोनॉट्स’ ही अपुरी कथा आली. सात वर्षांनी, १८९५ मध्ये, तिचेच रूप पालटून ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी झाली. कालयंत्राची कल्पना अशा रीतीने एका महाविद्यालयीन वादसभेत आणि तिच्या मासिकात वाढीस लागली, ही गोष्ट विद्यार्थ्यांच्या मासिकांकडे नाक मुरडून पाहणाऱ्या प्राध्यापकवर्गाने ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

वेल्सचा प्रवासी ८,०२,७०१ या वर्षात जाऊन पोचतो. तेथील एलॉय लोकांची भाषा तो थोडीफार शिकतो आणि तिचे वर्णनही करतो : जवळजवळ सगळी नामे मूर्त वस्तूंची, भाववाचक शब्द फारच थोडे, लाक्षणिक प्रयोग क्वचित, आणि वाक्ये बहुधा दोन शब्दांची. भाषाशास्त्राच्या दृष्टीने हे वर्णन एकोणिसाव्या शतकाचे अपत्य आहे. समाज खालावला की भाषाही दरिद्री होते, ही त्या शतकातील एक रूढ समजूत होती. समाजाची अवस्था आणि भाषेच्या व्याकरणाची जटिलता यांचा असा सरळ संबंध नसतो, हे पुढे स्पष्ट झाले. परंतु एक गोष्ट वेल्सच्या श्रेयाची आहे. त्याच्या प्रवाशाला तेथील भाषा येत नाही आणि ती त्याला शिकावी लागते, हे त्याने मान्य केले.

मार्क ट्वेन याने १८८९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या कादंबरीत एवढीही अडचण ठेवली नाही. कनेक्टिकटमधील एका कारखान्याचा मुकादम डोक्यात पहारीचा घाव बसून बेशुद्ध पडतो आणि ५२८ साली आर्थर राजाच्या प्रदेशात जागा होतो. तेथील सरदार त्याच्याशी जुन्या वळणाच्या, पण इंग्रजीतच बोलतात. हे इंग्रजी पंधराव्या शतकातील सर टॉमस मॅलरीच्या ग्रंथाच्या धर्तीचे आहे. तो ग्रंथ कॅक्स्टनने १४८५ साली छापला. सहाव्या शतकातील ब्रिटन लोक केल्टिक कुळातील भाषा बोलत होते आणि ज्यांची भाषा पुढे इंग्रजी झाली ते अँग्लो-सॅक्सन हे आर्थरकथेत त्यांचे शत्रू होत. मुकादमाला तेथे एक वाक्यही समजले नसते. ट्वेनला विनोद साधावयाचा होता व तो त्याने उत्तम साधला, हे खरे. तथापि नऊशे वर्षांचे अंतर दोन क्रियापदांच्या प्रत्ययांनी भरून काढण्याची ही युक्ती पुढील कथाकारांना अतिशय सोयीची ठरली. मराठी ऐतिहासिक नाटकांतील पात्रे ज्या भाषेत बोलतात तिची घडणही फारशी वेगळी नाही.

या सोयीस्कर प्रथेला पहिला उघड हरकतीचा अर्ज आला तो भाषाशास्त्रज्ञाकडून नव्हे, तर एका अभियंत्याकडून. एल. स्प्रेग द कँप याने जुलै १९३८ च्या ‘अस्टाउंडिंग सायन्स-फिक्शन’ या मासिकात ‘लँग्वेज फॉर टाइम ट्रॅव्हलर्स’ हा लेख लिहिला. ध्वनी बदलतात, ते काही एका पद्धतीने बदलतात, आणि हे बदल साचत गेले म्हणजे काही शतकांच्या अंतरावरील दोन माणसे एकाच भाषेचे वारस असूनही एकमेकांना परकी होतात, हे त्याने सामान्य वाचकाला समजेल अशा भाषेत मांडले. पुढील वर्षी ‘अननोन’ या मासिकात आलेल्या व १९४१ मध्ये पुस्तकरूप झालेल्या ‘लेस्ट डार्कनेस फॉल’ या कादंबरीत त्याने स्वतःच याचे प्रात्यक्षिक दाखविले. तिचा नायक पॅडवे हा पुरातत्त्वज्ञ असून तो ५३५ सालच्या रोममध्ये जाऊन पडतो. ग्रंथांतील अभिजात लॅटिन त्याला येते आणि आजची इटालियनही येते. या दोहोंच्या मध्ये कोठेतरी त्या काळची बोली असली पाहिजे, हा त्याचा आधार. तो पुढे रोमनांना द्विनोंदी जमाखर्चापासून छपाईपर्यंत अनेक गोष्टी शिकवितो, परंतु त्याचे सर्वांत मोठे पांडित्य त्या पहिल्या काही तासांत, लोकांना काय म्हणावयाचे आहे याचा अंदाज बांधण्यात, खर्ची पडते.

कालप्रवासाची खरी संस्था, म्हणजे प्रवेश, पाठ्यक्रम आणि नेमणुका असलेली, १९५५ साली एकदम दोन ठिकाणी उभी राहते. पोल अँडरसन याच्या ‘टाइम पेट्रोल’ या कथेतील विद्यालय मनुष्यजातीच्या उदयापूर्वी कोट्यवधी वर्षे, ऑलिगोसीन युगात वसविलेले आहे, म्हणजे तेथील वावराने इतिहासाला धक्का लागू नये. निरनिराळ्या शतकांतून भरती केलेले विद्यार्थी तेथे एकत्र शिकतात. त्यांना आपापसांत बोलण्यासाठी ‘टेम्पोरल’ नावाची एक कृत्रिम भाषा शिकविली जाते. कालप्रवासाविषयी बोलावयाचे तर सामान्य भाषांतील काळव्यवस्था अपुरी पडते, असे अँडरसनचे गृहीत आहे. ज्याला एक घटना अद्याप अनुभवावयाची आहे पण जी जगात पूर्वीच घडून गेली आहे, त्याने क्रियापद कोणत्या काळात योजावे? १९८० मध्ये डग्लस अ‍ॅडम्सने या अडचणीची यथेच्छ थट्टा केली आणि कालप्रवाशांसाठी क्रियापदांच्या एक हजार एक काळरूपांचे एक पुस्तकच कल्पिले. थट्टा बाजूस ठेवली तरी स्वाभाविक भाषा या बाबतीत वाटतात तेवढ्या ताठर नसतात. ‘परवा’ हा मराठी शब्द मागच्या दिवसाला आणि पुढच्या दिवसाला सारखाच लागतो व क्रियापद त्याचा निवाडा करते. आणि ‘आलोच’ असे भूतकाळी रूप उच्चारणारा मनुष्य अजून घरातूनही निघालेला नसतो.

त्याच वर्षीच्या आयझॅक अ‍ॅसिमॉव्हकृत ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या कादंबरीतील संस्था काळाच्या बाहेर वसलेली आहे व शतकाशतकांत फेरफार करणे हा तिचा उद्योग. तिचा नायक हार्लन याला फावल्या वेळात प्राचीन इतिहासाचा नाद असतो आणि तो कूपर नावाच्या एका शिष्याला तो शिकवितो. हा शिष्य १९३२ साली अडकून पडतो. आपण कोठे आहोत हे गुरूला कळवावयाचे कसे? गुरूजवळ कोणते जुने मासिक आहे हे शिष्याला ठाऊक असते. त्याच मासिकात तो एक जाहिरात देतो. तिच्या चार ओळींची आद्याक्षरे जुळविली की ‘अ‍ॅटम’ हा शब्द होतो, आणि मागे चित्र असते अणुस्फोटाच्या ढगाचे, जो १९३२ साली कोणीही पाहिलेला नव्हता. कादंबरीत अवाढव्य यंत्रसामग्री आहे, पण गुरुशिष्यांची गाठ पडते ती एका छापील पानाच्या काळजीपूर्वक वाचनाने.

कॉनी विलिस या अमेरिकन लेखिकेने हे विद्यापीठ शेवटी पुन्हा खऱ्या जगात आणून बसविले. १९८२ मधील ‘फायर वॉच’ ही कथा, १९९२ ची ‘डूम्सडे बुक’ व १९९७ ची ‘टु से नथिंग ऑफ द डॉग’ या कादंबऱ्या आणि २०१० मधील ‘ब्लॅकआउट’ व ‘ऑल क्लिअर’ ही जोड कादंबरी, या सर्वांत एकविसाव्या शतकाच्या मध्यावरील ऑक्सफर्डच्या इतिहासविभागाचे चित्र आहे. तेथे इतिहासाचे विद्यार्थी प्रत्यक्ष अभ्यासासाठी भूतकाळात पाठविले जातात. ‘फायर वॉच’मधील विद्यार्थ्याने चार वर्षे तयारी केलेली असते ती सेंट पॉल या ख्रिस्तशिष्याबरोबर प्रवास करण्याची, आणि त्याला धाडण्यात येते १९४० सालच्या लंडनमधील सेंट पॉल्स या प्रार्थनामंदिरात, बाँबवर्षावाच्या रात्री छपरावर पहारा करावयास. षष्ठीच्या एका प्रत्ययाने झालेला हा घोटाळा आहे. तो जीव मुठीत धरून परत येतो तेव्हा त्याच्यापुढे प्रश्नपत्रिका ठेवली जाते आणि तीत किती बाँब पडले, किती माणसे मेली, असे आकडे विचारलेले असतात. त्याचा संताप कोणत्याही परीक्षार्थीला परका वाटणार नाही.

परंतु भाषेच्या प्रश्नाची खरी कसोटी ‘डूम्सडे बुक’मध्ये आहे. किव्हरिन ही विद्यार्थिनी १३२० सालच्या ऑक्सफर्डशायरमध्ये जावयाची असते. तिने त्या काळचे इंग्रजी आणि लॅटिन यांचा अभ्यास केलेला आहे, गाईचे दूध काढावयास ती शिकली आहे, रोगांच्या लसी टोचून घेतल्या आहेत, आणि हात जोडून प्रार्थना केल्याचा बहाणा करीत टिपणे नोंदविता यावीत म्हणून तिच्या मनगटात एक ध्वनिलेखक बसविला आहे. शिवाय एक यांत्रिक दुभाषाही तिच्या देहात आहे. एवढी सिद्धता करून ती तेथे पोचते आणि आजारी पडते. लोक तिला उचलून नेतात, तिच्याशी बोलतात, आणि तिला एक शब्द उमजत नाही. तिचे बोलणेही त्यांना उमजत नाही. शिक्षकांनी ग्रंथांवरून बांधलेले चौदाव्या शतकाचे इंग्रजी आणि त्या शतकातील स्त्रीच्या तोंडचे इंग्रजी यांत अंतर पडलेले असते. बरेच बोलणे कानांवर पडून गेल्यावर दुभाषा हळूहळू वळणावर येतो.

हा प्रसंग केवळ रंजक नाही. परत येण्यासाठी किव्हरिनला आपण नेमक्या कोणत्या जागी सापडलो हे विचारून घेणे आवश्यक असते, आणि ते विचारण्याची शक्ती तिला नेमकी त्या पहिल्या दिवसांत नसते. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे ती १३२० मध्ये नव्हे तर १३४८ मध्ये, काळ्या मृत्यूच्या साथीच्या तोंडी येऊन पडलेली आहे, हे तिला फार उशिरा कळते. हे कोणते साल, असा प्रश्न ती सुरुवातीला विचारीत नाही, कारण विभागाने दिलेल्या सालावर तिचा विश्वास आहे. इकडे ऑक्सफर्डमध्ये ज्या तंत्रज्ञाला चूक झाल्याचे समजले आहे तो तापात बरळत पडलेला असतो आणि त्याच्या तुटक शब्दांचा अर्थ त्याच्या वरिष्ठांना लागत नाही. दोन्ही शतकांत एकाच वेळी भाषा बंद पडते. बद्री चौधरी हे त्या तंत्रज्ञाचे नाव.

विलिसच्या शिक्षकांना दोष देणे सोपे आहे. पण त्यांच्याजवळ साधने तरी कोणती होती? चौदाव्या शतकाचा उच्चार ठरविण्यासाठी भाषाशास्त्रज्ञ काव्यातील यमके पाहतो, लेखनियमांचे बंधन नसलेल्या लेखकांच्या चुका पाहतो, एका भाषेतील शब्द दुसरीत गेले तेव्हा कसे लिहिले गेले ते पाहतो आणि कोपऱ्यातील बोलींत काय शिल्लक आहे त्याचा शोध घेतो. यावरून कळते की, इंग्रजीतील दीर्घ स्वरांचे मोठे स्थित्यंतर स्थूलमानाने १४०० ते १७०० या काळात झाले, आणि त्यापूर्वी ‘नाइट’ म्हणजे सरदार या शब्दातील आज मुकी असलेली व्यंजने उच्चारली जात. खुद्द ‘टाइम’ या शब्दात तेव्हा ‘आइ’ नव्हे, दीर्घ ‘ई’ होता. कालयंत्रातून उतरलेला इंग्रज आपल्या विद्येचे नावदेखील तेथे नीट सांगू शकला नसता. असे नियम पुष्कळ सांगता येतात. नियमांनी मिळते ती ध्वनींची व्यवस्था. बोलण्याची लय, वेग, हेल, कोणत्या प्रसंगी कोणता शब्द टाळावयाचा याचा संकेत, हे नियमांत बसत नाही.

मराठीत या विषयाकडे वळणारा इतिहासाचा प्राध्यापक जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत भेटतो. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर मराठ्यांचा जय झाला, अशा एका पर्यायी जगात गंगाधरपंत जाऊन येतात. ते परत येताना पुरावा म्हणून काय आणतात? भाऊसाहेबांच्या बखरीचे एक पान. त्यातील मजकूर आपल्या बखरीहून थोडासाच निराळा आहे : विश्वासरावांना गोळी लागली नाही, ती कानाजवळून निसटून गेली. कथेतील भौतिकशास्त्राची बाजू नारळीकरांच्या अधिकाराची आहेच. परंतु सगळ्या जगाचे वळण पाठभेदाएवढ्या फरकावर टांगणे ही संहितेशी झगडणाऱ्या अभ्यासकाला विशेष पटणारी गोष्ट आहे. गंगाधरपंतांना भाषेची अडचण पडत नाही, कारण ते विसाव्या शतकातच, फक्त दुसऱ्या, वावरतात.

ती अडचण किती खोल आहे हे पाहण्यासाठी एखाद्या मराठी किव्हरिनला शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० साली, आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील नेवासे येथे पाठवून पाहावे. रामचंद्र यादव देवगिरीच्या सिंहासनावर आहे, अलाउद्दीन खिलजीची स्वारी यावयास अद्याप सहा वर्षे आहेत, आणि प्रवरेच्या काठी ज्ञानेश्वरी सांगितली जात आहे. पहिली अडचण शब्दांची. ती त्यातल्या त्यात हलकी. जमीन, दुकान, सरकार, वकील हे फार्सी-अरबीतून रुळलेले शब्द आणि चावी, पगार, बटाटा हे पोर्तुगीजांबरोबर आलेले शब्द तिला घरी ठेवून जावे लागतील. शिवकाळात ‘राजव्यवहारकोश’ रचणाऱ्यांनी असाच निवडा करण्याचा प्रयत्न केला होता. शं. गो. तुळपुळे यांचा ‘यादवकालीन मराठी भाषा’ (१९४२) हा ग्रंथ आणि त्यांनी व अ‍ॅन फेल्डहाउस यांनी सिद्ध केलेला जुन्या मराठीचा कोश (१९९९) हाताशी असता शब्दसंग्रहाची ही तयारी साधण्यासारखी आहे.

दुसरी अडचण व्याकरणाची असून ती अधिक फसवी आहे. नेवाशात कोणी ‘तो जाई’ असे म्हटले, तर आजची विद्यार्थिनी त्याचा अर्थ ‘तो जात असे’ असा करील, कारण आजच्या मराठीत हा रीतिभूतकाळ आहे. परंतु ज्ञानेश्वरांच्या मराठीत हे रूप वर्तमानाचे आहे. ते संस्कृतमधील वर्तमानकाळाच्या रूपापासून प्राकृताच्या द्वारे आलेले. ‘दाम करी काम’ या म्हणीत त्याचा जुना अर्थ अजून टिकून आहे. म्हणजे समोर घडत असलेली गोष्ट ती पूर्वी घडत असलेली समजेल, आणि आपण समजलो नाही असा संशयही तिला येणार नाही, कारण शब्द ओळखीचा आहे. अनोळखी शब्द मनुष्याला सावध करतो. ओळखीच्या शब्दाचा पालटलेला अर्थ करीत नाही. अँडरसनने कालप्रवासासाठी कृत्रिम भाषेत नवे काळ कल्पिले. येथे सातशे वर्षांत एक क्रियारूपच वर्तमानातून भूतात जाऊन पोचलेले आहे.

तिसरी अडचण साधनांची. ज्या ज्ञानेश्वरीवरून ही सर्व तयारी करावयाची, तिची संहिता तरी १२९० ची कोठे आहे? पाठभेद फार माजले म्हणून एकनाथांनी शके १५०६ मध्ये, इ. स. १५८४ साली, तिचे शुद्धीकरण केले, आणि परंपरेने चालत आलेला पाठ बव्हंशी त्या शुद्धीकरणानंतरचा आहे. राजवाडे यांनी एका जुन्या पोथीच्या आधारे आपली प्रत छापून १९०९ साली तिचे व्याकरण लिहिले ते याच असमाधानातून. पोथीच्या प्राचीनतेविषयी वाद पुष्कळ झाला; तथापि मराठीच्या ऐतिहासिक व्याकरणाची मागणी त्यांनी उघडपणे पुढे ठेवली, हे काम लहान नव्हे. शिवाय ज्ञानेश्वरी झाली ओवीबद्ध. बाजारातील बोलणे तीत नाही. त्यासाठी लीळाचरित्रातील संवादांकडे जावे लागते, आणि त्या ग्रंथाच्या पाठांचाही गुंता आहेच.

उरतो उच्चार. ‘जग’ म्हणजे विश्व आणि ‘जग’ म्हणजे जिवंत राहा, यांतील दोन जकार आजचा मराठी माणूस न चुकता निरनिराळे उच्चारतो; देवनागरी ते सारखेच लिहिते. मोडीत तर इकार-उकारांचा ऱ्हस्वदीर्घ भेदही उमटत नाही. झूल ब्लॉक यांनी १९२० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या फ्रेंच ग्रंथात मराठीच्या ध्वनींचा इतिहास तुलनेने मांडला व तो अजून आधारभूत आहे, पण लिपीने जे नोंदविलेच नाही ते तुलनेने काही मर्यादेपर्यंतच भरून काढता येते. जुन्या मराठीत ‘ग्रंथु’, ‘प्रकाशु’ अशी उकारान्त रूपे लिहिलेली आढळतात. आज तो उकार महाराष्ट्रात ऐकू येत नाही, परंतु गौड सारस्वतांच्या काही कोंकणी बोलींत तो बोलण्यात आहे. तेव्हा नेवाशाला निघालेल्या विद्यार्थिनीने काही महिने अशा घरी काढावेत हे बरे. दुसरा साक्षीदार गोव्यातलाच. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्यास आला आणि त्याचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ साली राचोल येथे रोमन लिपीत छापले गेले. देवनागरीत शब्दान्तीचा ‘अ’ उच्चारावयाचा की नाही हे वाचकावर सोपविलेले असते. रोमन लिपीत लिहिणाऱ्याला मात्र प्रत्येक ठिकाणी स्वर लिहावयाचा की वगळावयाचा हे ठरवावे लागते. पहिल्या आवृत्तीची प्रत आज उपलब्ध नाही, हस्तलिखिते आहेत. आणि नेवाशापासून ती सव्वातीनशे वर्षे अलीकडची आहेत.

प्रत्यक्ष आवाज याहूनही अलीकडे सुरू होतो. एडिसनचा फोनोग्राफ १८७७ चा, मिचेलच्या घड्याळाच्या अवघ्या चार वर्षे आधीचा. ग्रिअर्सन यांच्या भाषिक सर्वेक्षणाला जोडून भारतीय भाषांच्या ग्रामोफोन तबकड्या तयार झाल्या त्या १९१३ नंतर. त्या काळच्या लोकांचे बोलणे यंत्रातून ऐकता येते. ध्वनिमुद्रणापूर्वीच्या सहाशे वर्षांतील कोणत्याही मराठी माणसाचा आवाज नेवाशाच्या विद्यार्थिनीला निघण्यापूर्वी ऐकविता येणार नाही. आणि किव्हरिनप्रमाणे तिलाही पहिले काही दिवस तेथील बायकांचे बोलणे अर्थ न लावता नुसते ऐकतच राहावे लागेल.